उसवलेलं नाव

आई: हातातली ती किल्ली आधी टेबलावर ठेव. मग काय ते बोल.

नवा: ठेवली, काकू. ही बघा, ठेवली. तुम्ही तेवढा तवा खाली घ्या ना.

आई: तवा असू दे माझ्या हातात. कुलूप उघडून सरळ आत आलास. दाराला बेल आहे, ती दिसली नाही?

नवा: दिसली. पण क्लबच्या ड्रायव्हरने सांगितलं, घर रिकामं आहे. विमानतळावरून थेट इथं आणलं त्याने. किल्ली दिली आणि म्हणाला, तिसरा मजला, डावीकडचं दार. तुम्हाला बघून माझ्या काळजाचा ठोकाच चुकला.

आई: आणि माझं काळीज काय गाणं म्हणत होतं? थांब जरा. तू आपली भाषा बोलतोयस की.

नवा: तुम्ही आतून ओरडलात ना, ‘कोण मेला तडमडला’, तेव्हाच मी ओळखलं. नाहीतर जिना उतरून पळत सुटलो असतो.

आई: चोर नाहीस ते दिसतंयच म्हणा. चौकटीत वाकून आलास तरी डोकं आपटलंस. एवढ्या उंचीवर कुणाला चोरी जमायची? म्हणजे तूही बास्केटबॉलवाला. माझ्या लेकाचा सोबती.

नवा: तुमचा मुलगा इथं राहतो?

आई: मग मी काय भाड्याने तवा घेऊन उभी आहे? सरावाला गेलाय. येईल इतक्यात. बस. त्या खुर्चीत नको, तिचा एक पाय लंगडा आहे. पलंगावर बस. चहा टाकते.

नवा: नको काकू. मी खाली गाडीत थांबतो. ड्रायव्हर पेट्रोल भरून येतोच आहे, मला मेडिकल तपासणीला न्यायला.

आई: गाडी आली की हॉर्न देईल. परक्या मुलखात आपलं माणूस दारात आलं आणि कोरडं परत पाठवलं, असं माझ्याकडून व्हायचं नाही. दोन बॅगा घेऊन आलास म्हणजे मुक्कामाला आलास. एका खोलीत दोघं राहणार का? तसं आधी सांगायला हवं होतं त्यांनी. दुसरी खाट कुठं मावणार इथं?

नवा: तुम्ही कधी आलात, काकू?

आई: कालच. आयुष्यात पहिल्यांदा विमानात बसले. इतकी वर्षं ह्याचे बाबा अंथरुणाला खिळलेले, त्यांना सोडून कुठं जाणार? मागच्या वर्षी ते गेले. मग लेक म्हणाला, आता तरी ये, एकदा मला खेळताना बघ. आज संध्याकाळी मॅच आहे. तिकीट उशीखाली ठेवून झोपले मी रात्री.

नवा: म्हणजे तुम्ही त्याला कधीच…

आई: समोर कधीच नाही. फोनवर मॅच लावायचे ह्याचे बाबा. पण कुणी उडी मारली की मी डोळे गच्च मिटून घेते. वरून पडला तर हाडं मोडायची, हीच भीती. मग हे शेजारी पडून सांगायचे, आता वळला, आता उडाला, सुटला चेंडू, गेला आत, उघड डोळे. असा बघितलाय मी माझ्या लेकाचा खेळ. आज मात्र ठरवून आलेय. डोळे मिटायचे नाहीत.

नवा: काकू, चहा नको खरंच.

आई: आधण ठेवलंय. बारा गावचं पाणी प्यायलेला म्हणतात ना, तो माझा लेक, अगदी शब्दशः. दर मोसमाला नवं गाव, नवं घर. मला गावांची नावं लक्षात राहत नाहीत. मी फोनवर एकच विचारते, खिडकीतून काय दिसतं? त्यावरून लक्षात ठेवते. बोटीच्या भोंग्यांचं घर, पेट्रोल पंपाचं घर. एका गावी तर खिडकीबाहेर नुसती भिंत, आणि हिवाळा अख्खा तिच्याकडे बघत काढला ह्याने. हे घर घेतल्यावर म्हणाला, नदी दिसते.

नवा: नदी? मला तर टायरचं दुकान दिसलं.

आई: मलाही कालपासून टायरच दिसतायत. बोलले नाही काही. बरं, शर्टाचा नंबर कितवा तुझा? माझ्या लेकाचा अकरा. जगाच्या पाठीवर कुठंही जाऊ दे, अकराच मागून घेतो.

नवा: अजून तसं काही…

आई: तुझ्या बॅगेच्या खिशातून डोकावतोय तो शर्टच ना? दाखव बघू. आयुष्यभर मशीन चालवलंय मी, कापड दिसलं की हात शिवशिवतात.

नवा: राहू दे काकू. ड्रायव्हरने गाडीत दिलाय, माप बघायला. घामट आहे.

आई: घामाला शिंपीण कधी घाबरत नाही. दे इकडे.

नवा: काकू, प्लीज.

आई: अकरा.

नवा: द्या काकू, आत ठेवतो.

आई: एकाच क्लबात दोघांना एक नंबर देतात का रे?

नवा: नाही, काकू.

आई: हे बघ. पाठीवर तुझं नाव शिवलंय. पण त्याच्या खाली ही भोकं बघ. ओळीने टाक्यांची भोकं. इथं आधी दुसरं नाव होतं. घाईत उसवलंय कुणीतरी, कापडही ओढलं गेलंय. हा माझ्या लेकाचा शर्ट आहे.

नवा: मला म्हणाले, आधीचा माणूस कालच गेला. शप्पथ सांगतो. तो गेला, घर साफ केलंय, असंच सांगितलं.

आई: काल तो मला आणायला विमानतळावर उभा होता. हातात फुलं घेऊन. मी म्हटलं, मेल्या, फुलं काय आणतोस, स्वेटर आण, थंडीने गारठलेय.

नवा: त्याला काहीच माहीत नाही?

आई: सकाळी शीळ घालत गेलाय. तो चहा तूच गाळ.

मुलगा: आई! अगं दार सताड उघडं, आणि जिन्यात चहाचा वास. आज लवकर सुटलो बघ. कोच म्हणाले, आई आलीय ना तुझी, जा घरी, आज सराव नको करू. असा दगड माणूस, पण आज पाठीवर हात ठेवला त्याने. मी दोनदा थँक यू म्हटलं. आणि हे कोण?

नवा: नमस्कार, दादा.

मुलगा: अरे वा, आपल्याकडचा. कुठल्या क्लबात आहेस? आई, तू एका दिवसात माणसं गोळा करायला लागलीस. हा चहा…

आई: बस आधी.

मुलगा: ह्या बॅगा कुणाच्या?

नवा: माझ्या.

मुलगा: दोन बॅगा.

नवा: दादा, मला खरंच माहीत नव्हतं. आधी तुमच्याशी बोलतील आणि मग मला आणतील, असंच असतं ना नेहमी. ड्रायव्हरने घोटाळा केला. मॅनेजर तुम्हाला दुपारी बोलावणार असेल.

मुलगा: नाही. नाही, नाही. आज मॅच आहे. मॅचच्या दिवशी असं करत नाहीत. परवाच्या मॅचमध्ये मी… आई, तुला सांगितलं ना फोनवर, परवा सगळ्यांत जास्त गुण माझे होते.

आई: सांगितलंस बाळा.

मुलगा: तो शर्ट तुझ्या मांडीवर काय करतोय? तो धुलाईत अडकलाय. सामान सांभाळणारा आहे ना आमचा, तो सकाळी म्हणाला मला. तुझा एक शर्ट धुलाईत अडकलाय म्हणाला. माझ्या तोंडाकडे बघत नव्हता. मला वाटलं, बायकोशी भांडून आला असेल.

आई: बस, म्हणते ना. नको, त्या खुर्चीत नको!

मुलगा: मी कोचला थँक यू म्हटलं, आई. दोनदा. तो मला हाकलत होता आणि मी त्याचे आभार मानत होतो.

आई: लागलं का कुठं? ऊठ. पलंगावर बस. मी त्या खुर्चीचं कालपासून सांगतेय.

मुलगा: एजंटला फोन लावतो. त्याला माहीत असेल. काहीतरी चुकलंय. तो असं होऊ देणार नाही, बाबांना शब्द दिला होता त्याने. वाजतोय. वाजतोय नुसता. उचलत नाही.

नवा: दादा.

मुलगा: मीटिंगमध्ये असेल. सकाळची वेळ आहे.

नवा: तुमचा एजंट तोच का, डोळा बारीक करून हसतो तो? सगळ्यांना ‘राजा’ म्हणतो?

मुलगा: तुला कोणी पाठवलं इथं?

नवा: त्यानेच.

मुलगा: तुझा फोन दे. दे इकडे.

आई: उचलला?

मुलगा: पहिल्या रिंगला. ‘पोचलास का राजा, घर आवडलं का,’ म्हणतोय. मी सरळ फोन ठेवून दिला.

आई: राजा म्हणे. जीभ कशी झडत नाही रे त्याची! आपल्या घरी जेवून गेलाय तो. तुझ्या बाबांच्या उशाशी बसून.

मुलगा: एकाला काढला की दुसरा बसवायचा, त्याला काय, दोन्हीकडून त्याचंच दुकान चालतं. मला अजून कळत नाहीये, आई. माझे बूट अजून ओले आहेत. आत्ता तासाभरापूर्वी मी त्या हॉलमध्ये होतो.

आई: मला एक सांगा दोघं. ह्याला आणलं ते आणलं. तू पण खेळ, हा पण खेळेल. एवढं मोठं मैदान. नंबर काय, एखादा दुसरा घे एकाने. शिवून मी देते.

नवा: तसं नाही चालत, काकू. बाहेरच्या देशातले दोनच घेता येतात संघात. तिसरा आला की एकाने जायचं.

आई: मग ह्याच्या जोडीचा जो दुसरा आहे, त्याला पाठवा म्हणावं.

मुलगा: तो चेंडू पुढे आणून सगळा खेळ रचतो आई, त्याच्यावाचून त्यांचं पान हलत नाही. माझ्यासारखे रिंगखाली उभे राहणारे पैशाला पासरी मिळतात. आणि आता गुडघे बोलायला लागलेत माझे, ते सगळ्यांना ऐकू येतात. तू किती वर्षांचा?

नवा: सव्वीस. पण मी काही फार मोठा तीर मारून आलेलो नाही, दादा. मागच्या वर्षी माझ्याही दारात असाच एक जण आला होता. मी आंघोळ करत होतो. टॉवेल गुंडाळून बाहेर आलो तर हा माझ्या फ्रिजमध्ये स्वतःची दही-दुधं लावतोय. तेव्हापासून मेहुण्याच्या फरशीच्या दुकानात उभा होतो. वरच्या फळीवरचे नमुने काढायला स्टूल लागत नाही, म्हणून मेहुणा खूश. बायको मात्र बोलायची कमी झाली.

आई: पोरंबाळं?

नवा: होणार आहे. वसंतात.

मुलगा: मेडिकल कधी आहे तुझं?

नवा: आत्ताच. त्यांनी पास केलं की दुपारच्या आत माझी नोंद होणार. मग संध्याकाळी मी. दुपारच्या आत नोंद झाली नाही तर आजच्या मॅचला तुम्हीच. नियमच तसा आहे ना?

मुलगा: हो. तसाच आहे.

नवा: मी डॉक्टरला सांगतो, विमानात पाठ धरली. आज वाकता येत नाही, उद्या तपासा. काकू एवढ्या लांबून आल्यात. एक मॅच खेळा तुम्ही, त्या बघतील. एका दिवसाने माझं काय बिघडतंय?

मुलगा: आई, ऐकलंस? आज रात्री खेळता येईल मला. फक्त आजची. एवढीच पाहिजे मला, आई. मग मी जाईन. कुणाशी भांडणार नाही. तू समोर बसशील आणि…

आई: पाठ धरली म्हटल्यावर डॉक्टर काय करेल ह्याचं?

मुलगा: काही नाही करणार. उद्या परत तपासेल.

आई: माझ्याकडे बघून सांग.

मुलगा: …फोटो काढतील पाठीचे. शंका आली तर परत पाठवतील. नवीन माणसाला कुणी दुखण्यासकट घेत नाही. एजंटकडे अजून दहा जण रांगेत आहेत.

आई: हे तुला माहीत होतं, तरी हो म्हणायला निघाला होतास.

मुलगा: हो. निघालो होतो. मला स्वतःचीच भीती वाटतेय, आई. तोंडातून हो निघालंच होतं माझ्या.

आई: मी काय बघायला आले होते, ते माझं मला माहीत आहे. पासपोर्टाच्या ऑफिसात चार हेलपाटे घातले त्यासाठी. पण ह्या पोराच्या पोटावर पाय देऊन मला तुझा खेळ बघायचा नाही. त्याची बायको तिकडे दिवस मोजत बसली असेल. तुला काय वाटतं, मी डोळे उघडे ठेवू शकेन?

नवा: काकू, मी आपणहून म्हणतोय.

आई: तू गप्प बस. चांगुलपणा करायला आयुष्य पडलंय. आधी पोटाचं बघ.

(खालून गाडीचा हॉर्न वाजतो.)

नवा: आला.

मुलगा: जा. थांब, ऐक. डॉक्टर गुडघे दाबतो तेव्हा दुखलं तरी हस, त्याला हसणारे आवडतात. पाठीचं नाव काढू नकोस. कोच ओरडला की मान हलव, उलट उत्तर देऊ नकोस. तो ओरडतोय तोवर ठीक असतं. पाठीवर हात ठेवला की समज, बॅग भरायची.

नवा: लक्षात ठेवतो.

मुलगा: आणि आज ज्यांच्याशी मॅच आहे, त्यांचा उंच माणूस डावीकडेच वळतो. नेहमी. उजवीकडे वळतोय असं दाखवेल, फसू नकोस. मी आठवडाभर त्याचे व्हिडिओ बघतोय.

नवा: दादा, हे मला कशाला सांगता?

मुलगा: मग कुणाला सांगू? पाणी गरम व्हायला वेळ लागतो, आधी नळ सोडून ठेवायचा. पलंग आखूड आहे, पायाशी ते बाकडं लावून घे. संध्याकाळपर्यंत आमचं सामान हलवतो. कुठं हलवायचं ते बघतो.

नवा: तुम्ही इथंच राहा. मी हॉटेलात राहीन म्हणून सांगतो त्यांना. काकू आहेत तोवर. हे तरी मला करू द्या. ह्यात माझ्या पोटाला काही होत नाही.

आई: हे चालेल. तो शर्ट इकडे दे आधी. तसाच जाऊ नकोस.

नवा: काकू, गाडी उभी आहे.

आई: राहू दे उभी. हे बघ, नाव नीट शिवलेलंसुद्धा नाही, कोपरा सुटलाय. धक्काबुक्कीत कुणाचं बोट अडकलं तर टर्रकन फाटेल. चार टाके घालते. माझ्या पर्समध्ये सुई-दोरा आहे, काढ रे.

मुलगा: तू त्याचं नाव शिवणार? माझ्या शर्टावर?

आई: कुणीतरी धड शिवायला नको का? … हं. घे. आता नाव नाही निघायचं. आणि डोकं सांभाळ, चौकट खाली आहे.

नवा: येतो, काकू. दादा… मला माफ करा म्हणायला तोंड नाही.

मुलगा: तू काही केलेलं नाहीस. पळ.

आई: गेला. किल्ली इथंच ठेवून गेला बघ टेबलावर.

मुलगा: आई, मी तुला काय दाखवायला आणलं इथं? टायरचं दुकान?

आई: नदी म्हणाला होतास.

मुलगा: पावसात त्या दुकानासमोर पाणी साचतं. तेवढंच. तुला बरं वाटावं म्हणून म्हणालो. बाबा गेल्यानंतर तू फोनवर फार हळू बोलायचीस.

आई: माहीत आहे मला. भिंतीचं घर तेवढं खरं सांगितलं होतंस, तेव्हा लहान होतास.

मुलगा: आता मी करू काय? मला दुसरं काहीच येत नाही. उद्या सकाळी उठून जायचं कुठं? मला ना, रडूसुद्धा येत नाहीये.

आई: येईल. माझंही अजून आत पोचलेलं नाही. उद्याचं उद्या बघू. मला आधी संध्याकाळचं सांग. तिकिटं किती आहेत?

मुलगा: एकच. तुझं. मी मैदानात असणार होतो ना.

आई: मग आणखी एक काढ.

मुलगा: मी तिथं बसू? लोकांमध्ये? आई, सगळे ओळखतात मला. बघत राहतील माझ्याकडे.

आई: बघू देत. मी एवढ्या लांब आलेय ती टायर बघून परत जायला नाही. आणि मला त्या खेळातलं ओ की ठो कळत नाही. इतकी वर्षं सांगणारा माणूस शेजारी होता. आता कोण सांगणार?

मुलगा: काय सांगू तुला? तो पोरगा कसा खेळतोय ते?

आई: त्याचं त्याच्या बायकोला सांगतील कुणीतरी. चेंडू त्याच्या हातात आला ना, की तू असतास तर काय केलं असतंस, तेवढं सांग. कुठं वळला असतास, कधी उडाला असतास. मी डोळे मिटून बसते. मला तशीही सवय आहे.